रिकामी बीटं आणि भरलेली यादी: खानापूर भागातल्या वनभरतीचं एक प्रकरण

कर्नाटकच्या बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात, पश्चिमेच्या आणि दक्षिणेच्या जंगलात, म्हणजे कणकुंबी, जांबोटी, नागरगाळी, लोंढा या पट्ट्यात, फॉरेस्टची नोकरी लोकांच्या नजरेसमोरची आहे. बँक लांब, कारखाना त्याहून लांब. गार्ड मात्र रोज वाटेत भेटतो. भीमगड अभयारण्य २०११ साली जाहीर झालं, क्षेत्र १९०.४२ चौरस किलोमीटर. गवाळी, कोंगळा, पास्टोली अशी मराठी बोलणारी गावं त्या जंगलातच वसलेली. कोणत्या बीटाला, म्हणजे एका गार्डाच्या गस्तीच्या हद्दीला, गार्ड आहे आणि कोणतं बीट शेजारच्या गार्डाच्या गळ्यात मारलंय, हे तिथल्या शाळकरी पोरालाही ठाऊक असतं. म्हणून भरतीत कुणाचं नाव थोडक्यात हुकलं की पारावर पहिला प्रश्न येतो, "जागा मोकळीच हाय की रे, मग तुला का घेईनात?"

प्रश्न रास्त आहे. पण हाच प्रश्न तसाच्या तसा अर्जात उतरवून न्यायाधिकरणात गेलं की प्रकरण पहिल्या दोन-तीन तारखांतच लुळं पडतं. असं का होतं आणि त्याच कागदांतून टिकणारा मुद्दा कसा निघतो, हे एका प्रकरणातून पाहू. प्रकरण नमुन्याचं आहे, कुणा एकाची फाईल नाही. गुण आणि पदसंख्या हिशेब समजावा म्हणून घेतल्या आहेत. कायदा, निवाडे आणि दाखल्यांचे नियम मात्र प्रत्यक्षातलेच आहेत.

परिस्थिती

बेळगाव वनवृत्तात गस्त वनपालाची, म्हणजे लोकांच्या बोलण्यातल्या फॉरेस्ट गार्डची, २० पदं जाहीर झाली. निवड पीयूसीच्या, म्हणजे बारावीच्या गुणांवर. शारीरिक चाचणी फक्त पास-नापास. अर्जदार जांबोटी भागातला, पहिली ते दहावी मराठी माध्यम, गावाकडच्याच शाळा. जात मराठा, म्हणजे कर्नाटकच्या मागासवर्ग यादीत ३ब. त्याने दोन दावे लावले, ३ब आणि ग्रामीण, म्हणजे खेड्यातल्या शाळेत शिकलेल्यांचा वाटा. गुण ८८.५०.

२० पदांची वाटणी अशी होती: जीएम, म्हणजे जनरल मेरिट किंवा खुला गट, ९ (त्यांतली ३ महिलांना, २ ग्रामीणला, उरलेली ४ इतर), अनुसूचित जाती ३, अनुसूचित जमाती २, प्रवर्ग-१ ला १, २अ ला ३, ३अ ला १ आणि ३ब ला १. ३बचं ते एकमेव पद ग्रामीण बिंदूवर, म्हणजे आरक्षणाच्या रोस्टरमधल्या ग्रामीणच्या क्रमांकावर आलेलं.

अंतिम यादीत ३ब-ग्रामीणच्या पदावर ९१.१७ गुणांचा उमेदवार लागला. त्याला 'क' म्हणू. आपला अर्जदार अतिरिक्त, म्हणजे प्रतीक्षा यादीत ३बमध्ये पहिला. पुढे चार महिन्यांत निवड झालेल्यांपैकी दोघं रुजूच झाले नाहीत, दुसऱ्या खात्यात लागले. त्याशिवाय माहिती अधिकारात कळलं की खानापूर तालुक्यातली कितीतरी बीटं मुळातच रिकामी आहेत.

अर्जदाराचा पहिला मसुदा या दोनच गोष्टींवर उभा होता: बीटं रिकामी आहेत, आणि दोघं आले नाहीत.

हा पाया का टिकत नाही

'रिक्त पद' या एका शब्दाखाली तीन वेगळ्या गोष्टी दडलेल्या असतात. खात्यात मंजूर असून माणूस नसलेलं पद ही पहिली. अधिसूचनेत जाहीर केलेलं पद ही दुसरी. जाहीर होऊन, निवड होऊन, तरीही न भरलेलं पद ही तिसरी. तिन्हींचा कायदा वेगळा, आणि अर्जात त्यांची सरमिसळ झाली की सरकारी वकिलाचं काम सोपं होतं.

पहिल्या प्रकारच्या पदांवर निवड यादीतल्या कुणाचाच हक्क नाही. जाहीर संख्येपेक्षा जास्त पदं त्याच यादीतून भरता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने राखी रे विरुद्ध दिल्ली उच्च न्यायालय या २०१० च्या निवाड्यात स्पष्ट केलं आहे. कारण साधं आहे. ती पदं जाहीर झाली असती तर आणखी कुणी अर्ज केला असता. त्या न आलेल्या उमेदवाराचाही समान संधीचा हक्क आहे. नागरगाळीची दहा बीटं रिकामी असली तरी ती या भरतीची नव्हेत.

दुसऱ्या प्रकाराबद्दल शंकरसन दाश विरुद्ध भारत सरकार, १९९१, पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ. निवड यादीत नाव आलं म्हणजे नेमणुकीचा अढळ हक्क मिळत नाही; मात्र सरकारने पद न भरण्यामागे मनमानी असता कामा नये. या निवाड्याचं पहिलं अर्धं वाक्य सरकार वाचतं आणि दुसरं अर्धं उमेदवाराने वाचायचं असतं.

तिसरा प्रकार, न रुजू झालेले दोघं. इथे अतिरिक्त यादी कामाला येते, पण त्याच वर्गासाठी. आपल्या प्रकरणात न आलेला एक २अचा, दुसरा जीएममधल्या 'इतर' पदावरचा. २अचं पद २अच्या अतिरिक्त यादीतल्या पहिल्याला जातं, जीएमचं जीएमच्या पहिल्याला. ३बचा आपला अर्जदार या दोन्ही याद्यांत पहिला नाही, म्हणून त्याला त्यातलं एकही मिळत नाही. रिकाम्या खुर्च्या मोजून उपयोग नाही. प्रत्येक खुर्चीवर कोणत्या वर्गाची पाटी आहे ते आधी पाहावं लागतं.

पहिला मसुदा तसाच दाखल झाला असता तर निकाल ठरलेला होता.

खरा मुद्दा कुठे सापडला

वर्गवार शेवटचे गुण, म्हणजे कट-ऑफ, मागवल्यावर चित्र बदललं. जीएम 'इतर'चा शेवटचा गुण ९२.५०. जीएम-ग्रामीणच्या दोन पदांवरचे गुण ९१.८३ आणि ८९.८३. हा ८९.८३ वाला, त्याला 'ख' म्हणू, कोणत्याही मागास प्रवर्गातला नाही. वरच्या 'इतर' पदांवर लागलेल्यांत ग्रामीण दावा असलेला कुणी नव्हता, म्हणजे ग्रामीणचा वाटा गुणवत्तेतच भरून निघाला असंही झालं नव्हतं.

आता 'क'कडे पुन्हा पाहा. गुण ९१.१७, ग्रामीण. जीएम-ग्रामीणच्या दुसऱ्या पदावर ८९.८३ लागलाय. 'क'चे गुण त्याच्याहून जास्त असून त्याला ३ब-ग्रामीणमध्ये बसवलं. का? तर तो ३बचा म्हणून. खात्याने जीएम-ग्रामीण हे पद 'मागास नसलेल्या ग्रामीण मुलांचं' असं धरलं.

सगळं प्रकरण या एका ओळीत आहे. जीएम हा कुणा एका समाजाचा कोटा नाही. तो सर्वांना खुला, आणि त्यातला आडवा वाटा, मग तो महिलांचा असो की ग्रामीणचा, तोही सर्वांना खुला. १८ डिसेंबर २०२० च्या सौरव यादव विरुद्ध उत्तर प्रदेश या निवाड्यात नेमका हाच प्रश्न होता. पोलीस कॉन्स्टेबल भरतीत खुल्या गटातल्या शेवटच्या महिलेचे गुण २७४.८२९८, त्याहून जास्त गुण असलेल्या इतर मागास वर्गातल्या महिलांना खुल्या-महिला पदांवर धरलं नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाने तो मार्ग चुकीचा ठरवला. तिथे 'महिला' आहे तिथे 'ग्रामीण' ठेवा, आपलं प्रकरण तयार होतं.

'क' जीएम-ग्रामीणमध्ये गेला की ३ब-ग्रामीणचं पद मोकळं होतं आणि ८८.५० चा आपला अर्जदार तिथे लागतो. यात एकही नवं पद लागत नाही. जाहीर झालेल्या वीसच पदांची यादी नीट लावायची आहे, एवढंच.

उभं आणि आडवं आरक्षण यातला फरक खेड्यातल्या मुलांना कुणी समजावून सांगत नाही, म्हणून इथे थांबतो. जातीचे प्रवर्ग उभे: अनुसूचित जाती-जमाती, प्रवर्ग-१, २अ, २ब, ३अ, ३ब. महिला ३३ टक्के, ग्रामीण २५ टक्के, कन्नड माध्यम ५ टक्के, माजी सैनिक, दिव्यांग, प्रकल्पग्रस्त हे आडवे. ते प्रत्येक उभ्या खान्याच्या आत कापले जातात. यादी लावताना आधी जीएमची पदं निव्वळ गुणांवर, सर्व जातींमधून भरायची. त्यातला आडवा वाटा पुरा झाला का ते मोजायचं, कमी पडला तर तेवढ्यापुरता बदल करायचा. मगच राखीव खान्यांकडे वळायचं. हा क्रम २००७ च्या राजेशकुमार दरिया निवाड्यापासून पक्का आहे. राखीव खाने आधी भरून जीएम शेवटी भरला की चूक होते, आणि ती नेहमी राखीव वर्गातल्या दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकाच्या मुलाला भोवते. वरच्याला नोकरी मिळालेलीच असते. तो तक्रार करणार नाही.

मराठी माध्यमाच्या मुलाला कन्नड माध्यमाचा ५ टक्क्यांचा वाटा मिळत नाही. बेळगाव जिल्हा घटनेच्या ३७१(जे) कलमाखालच्या कल्याण कर्नाटक सवलतीतही येत नाही. म्हणजे या पट्ट्यातल्या मुलाच्या हातात प्रवर्गाशिवाय खरा आधार उरतो तो ग्रामीण दाखल्याचा. त्यामुळे ग्रामीण पदांची गणना चुकली की फटका इथे जास्त बसतो.

कागद गोळा करताना

कागद जमवताना काही अडचणी पुन्हा पुन्हा येतात.

कर्नाटकच्या माहिती अधिकार नियमांत एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. दहा प्रश्नांचा लांबलचक अर्ज 'एकापेक्षा जास्त विषय' म्हणून परत येतो आणि महिना फुकट जातो. म्हणून अर्ज तोडून करावेत: एक रोस्टर रजिस्टरसाठी, एक वर्गवार गुणयादीसाठी, एक रुजू झालेल्या आणि न झालेल्यांच्या तपशिलासाठी. प्रत्येकी १० रुपये. उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तर आलं नाही किंवा अपुरं आलं तर त्यापुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील. कायद्याने अर्ज इंग्रजी, हिंदी किंवा त्या भागाच्या राजभाषेत करता येतो. इथे ती कन्नड. मराठीत लिहिलेला अर्ज टेबलावर पडून राहिला तर भांडणात वेळ जातो, आणि वेळ हीच या प्रकरणातली सगळ्यात महाग गोष्ट आहे. भाषेच्या हक्काचा लढा वेगळा लढावा. हा अर्ज कन्नडमध्येच द्यावा.

शब्द नेमके हवेत. 'रिक्त पदांची माहिती द्या' असं विचारलं की मंजूर, भरलेली, रिक्त असे तीन आकडे येतात, ज्यांचा काही उपयोग नाही. विचारायचं असं: 'अमुक तारखेच्या अधिसूचनेतील २० पदांसाठी वापरलेल्या रोस्टर रजिस्टरच्या पानांची साक्षांकित प्रत, आणि प्रत्येक बिंदूवर निवडलेल्या उमेदवाराचा प्रवर्ग, आडवा दावा व गुणांची टक्केवारी.'

ते पान हातात आलं की डावीकडून वाचत जायचं. पहिल्या रकान्यात बिंदूचा क्रमांक, मग उभा प्रवर्ग, मग आडवा वाटा, मग नेमलेल्याचं नाव, शेवटी शेरा. मागच्या भरतीची शेवटची ओळ कोणत्या बिंदूवर संपली ते बघायचं. या भरतीची पहिली ओळ त्याच्या पुढच्या बिंदूवर सुरू व्हायला हवी. ३बला ५ टक्के, २० पदांचे ५ टक्के म्हणजे १, असा हिशेब इथे चालत नाही. शंभर बिंदूंचं चक्र जिथे थांबलं तिथून पुढच्या वीस बिंदूंत ३बचे बिंदू किती येतात, तेवढी पदं. कधी एक, कधी दोन, कधी एकही नाही. राज्यात अनुसूचित जातींचं आरक्षण १५ वरून १७ आणि जमातींचं ३ वरून ७ टक्के झाल्यावर रोस्टरही बदललं, त्यामुळे कोणतं रोस्टर लावलंय हेही त्याच पानावर तपासावं. आपल्या प्रकरणात बिंदू बरोबर होते. चूक चौथ्या रकान्यात, नावाच्या जागी होती: ३ब-ग्रामीण बिंदूसमोर 'क'चं नाव, आणि दोन ओळी वर जीएम-ग्रामीणसमोर 'ख'चं.

आणखी एक गोष्ट तपासलीच पाहिजे. 'क'ने ३ब म्हणून वयात किंवा अन्य पात्रतेत सवलत घेतली होती का? घेतली असेल तर तो जीएममध्ये सरकू शकतो की नाही हे त्या भरतीच्या नियमांवर ठरतं. २०१० च्या जितेंद्रकुमार सिंह निवाड्यात सरकू दिलं, २०१७ च्या दीपा ई. व्ही. निवाड्यात नाही, दोन्हीकडे नियमांची भाषा वेगळी होती. आपल्या 'क'चं वय जीएमच्या मर्यादेत होतं. ते नसतं तर इतका सरळ अर्ज झाला नसता.

दाखल करणं

राज्य सेवेतल्या भरतीचे वाद आधी कर्नाटक राज्य प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे केएटीत जातात. त्याचं पीठ बेळगावातच आहे. खानापूरच्या माणसाला बंगळूर गाठायची गरज नाही. थेट उच्च न्यायालयाच्या धारवाडच्या खंडपीठात रिट घातली तर आधी केएटीत जा म्हणून परत पाठवतात. एल. चंद्रकुमार निवाड्यापासून, १९९७, हा क्रम ठरलेला आहे: आधी न्यायाधिकरण, मग उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींचं पीठ.

मुदत एक वर्षाची, प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५, कलम २१. निवेदन दिलं असेल तर सहा महिने उत्तराची वाट आणि त्यापुढे एक वर्ष, अशीही सोय त्याच कलमात आहे. भरतीच्या वादात या सोयीवर विसंबू नये. वर्षभरात नेमणुका होतात, लोक प्रशिक्षणाला जातात, त्यांचा पगार सुरू होतो. त्यानंतर यादी हलवायला कुठलंही न्यायपीठ नाखूश असतं. अर्जदाराने तात्पुरत्या यादीवर हरकतीच्या मुदतीतच हरकत नोंदवली, ती नोंदणी पोस्टाने आणि ईमेलने, दोन्ही. पावसाळ्यात कणकुंबी पट्ट्यात नेटवर्क तीन-तीन दिवस नसतं, हरकतीची मुदत मात्र थांबत नाही. यादी लागण्याच्या सुमारास खानापुरात कुणाकडे तरी मुक्काम टाकलेला बरा. अंतिम यादी लागल्यावर लगेच केएटीत अर्ज गेला.

प्रतिवादी कोण? वन खातं, निवड प्राधिकारी, आणि 'ख'. हा तिसरा बहुतेक मसुद्यांत नसतो. यादी बदलली तर बाहेर पडणारा 'ख' आहे. त्याला न ऐकता त्याचं पद काढता येत नाही. त्याला पक्षकार केलं नाही तर आवश्यक पक्षकार नाही या एका कारणावर अर्ज फेटाळला जाऊ शकतो. 'क'लाही जोडावं, कारण त्याचा वर्ग बदलतोय, जरी त्याची नोकरी जात नसली तरी.

इथे एक अवघड गोष्ट स्पष्ट बोललं पाहिजे. ८९.८३ वाल्याला काढून ८८.५० वाला आत येतो. 'ख'च्या घरी हे अन्यायच वाटणार, आणि तोही कदाचित बैलहोंगलच्या किंवा अथणीच्या एखाद्या खेड्यातून आलेला असेल. पण त्याच्या जागेवर ९१.१७ वाल्याचा हक्क होता. त्याचं पद जातं ते अर्जदारामुळे नाही, यादी चुकीची लावल्यामुळे. अर्जदाराच्या वकिलाने हे अर्जातच मांडावं, 'ख'विरुद्ध एक शब्दही न लिहिता.

आणि रिकाम्या बीटांचा मुद्दा इथे, योग्य जागी, परत येतो. सौरव यादव प्रकरणात न्यायालयाने आधी नेमलेल्या महिलांना हात न लावता वंचित राहिलेल्यांना नेमायला सांगितलं होतं. म्हणून मागणीत पर्यायी वाक्य घालावं: 'ख'ची नेमणूक झाली असल्यास ती न मोडता, उपलब्ध रिक्त पद लक्षात घेऊन अर्जदाराला सामावून घ्यावं. रिकामं पद हक्काचा आधार होत नाही, पण तोडग्याला वाट देतं. सर्वोच्च न्यायालयाकडे घटनेच्या १४२ व्या कलमाचा अधिकार आहे, न्यायाधिकरणाकडे तो नाही; त्यामुळे या पर्यायाला खात्याची तयारी लागते. तरीही मागितलेलं असावं, कारण न मागितलेलं सहसा मिळत नाही.

अंतरिम मागणी एकच आणि लहान ठेवावी: ३ब-ग्रामीणच्या पदाबाबतची पुढची कार्यवाही अर्जाच्या निकालाच्या अधीन राहील, आणि वृत्तातलं एक पद रिकामं ठेवावं. सगळी भरती थांबवा असं मागितलं की मिळत नाही, आणि इतर एकोणीस घरांचा रोष मात्र मिळतो. न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २४ प्रमाणे समोरच्याला प्रत देऊन, म्हणणं मांडायची संधी दिल्यावर अंतरिम आदेश होतो. अपवाद म्हणून एकतर्फी झाला तर १४ दिवसांपुरता. म्हणून अर्ज दाखल करतानाच सरकारी वकिलांच्या कार्यालयात प्रत देऊन पोच घ्यावी.

खात्याची उत्तरं

पहिलं उत्तर: अर्जदार प्रक्रियेत सहभागी झाला, हरल्यावर तक्रार करतोय. हा आक्षेप मनीषकुमार शाही, २०१०, या निवाड्यावर उभा असतो आणि त्यात दम आहे, पण तो नियमांनाच आव्हान देणाऱ्यांसाठी. इथे अर्जदार नियम मान्य करूनच म्हणतोय की ते चुकीचे लावले. सहभागी झालेला उमेदवार बेकायदा कृतीविरुद्ध दाद मागू शकतो, हे मीता सहाय विरुद्ध बिहार, २०१९, मध्ये आलंय.

दुसरं: 'क'ने स्वतः ३ब-ग्रामीण असा दावा केला, जीएम-ग्रामीण असा नाही. याला उत्तर असं की जीएमसाठी वेगळा दावा करायचाच नसतो. अर्ज करणारा प्रत्येक जण तिथे आपोआप मोजला जातो. जीएममधून ग्रामीण मागणाऱ्याला क्रीमी लेयरमध्ये नसल्याचा दाखला लागतो, तो 'क'ने दिला नाही, असंही खातं म्हणू शकतं. ३बचा नमुना 'फ' दाखला हाच उत्पन्न आणि क्रीमी लेयर तपासून मिळतो, हे तहसीलदार कार्यालयाच्या त्या दाखल्याची प्रत जोडूनच दाखवावं.

तिसरं: यादीची मुदत संपली. अर्ज मुदतीत दाखल झाला होता. कोर्टातल्या दिवसांचा फटका अर्जदाराला बसू नये, हे न्यायाधिकरणं साधारणपणे मान्य करतात. अंतरिम आदेश हातात असेल तर हा मुद्दा टिकतच नाही.

रोजंदारी वॉचरही अशा प्रकरणात मध्ये येतात. जानेवारी ते मे आगीच्या दिवसांत आणि शिकारविरोधी कॅम्पवर वर्षानुवर्षं राबलेली गवाळी-कोंगळ्याकडची माणसं म्हणतात, ही पदं आमची. त्यांच्या कष्टांबद्दल शंका नाही. पण त्यांचा मार्ग कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी, १० एप्रिल २००६, या निवाड्यातून जातो: मंजूर पदावर दहा वर्षं वगैरे अटी. थेट भरतीच्या यादीच्या वादात त्यांनी हस्तक्षेप अर्ज घातला तर दोन्ही प्रकरणं रखडतात. त्यांनी वेगळा अर्ज करावा.

आदेश आणि त्यानंतर

अशा प्रकरणात न्यायाधिकरण 'याला नोकरी द्या' असं सहसा म्हणत नाही. आदेश असतो तो जीएम-ग्रामीण आणि ३ब-ग्रामीण या पदांपुरती यादी ठराविक आठवड्यांत पुन्हा लावा, असा. खातं धारवाडच्या खंडपीठात जाऊ शकतं; तेव्हा स्थगिती न मिळाल्यास आदेश पाळावाच लागतो, न पाळल्यास न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १७ खाली अवमान.

यादी पुन्हा लावताना अर्जदाराचेच दाखले पुन्हा उघडतात, आणि अनेकांचं गाडं इथे अडतं. ३बमध्ये त्याच्या खालच्या क्रमांकाचा उमेदवार आता जागा होतो. त्याची हरकत: याचा ग्रामीण दाखला खोटा आहे.

ग्रामीण दाखल्याला पहिली ते दहावी सगळी दहा वर्षं ग्रामीण भागातल्या शाळेत लागतात. खेड्यात सातवीपर्यंत शिकून आठवीला खानापुरातल्या हायस्कुलात गेलेला मुलगा यात बसत नाही, कारण खानापूर नगर पंचायत आहे. गाव कितीही आडवळणाचं असलं आणि तो रोज बसने येऊन-जाऊन शिकला असला, तरीही नाही. शाळा कुठे ते बघतात, घर कुठे ते नाही. याच्या उलटही होतं. मच्छे, पिरनवाडी आज नगर पंचायती आहेत, पण तो तिथे शिकत होता तेव्हा ग्रामपंचायत असेल तर त्या काळची स्थिती धरायला हवी, आणि त्यासाठी नगर पंचायत झाल्याच्या अधिसूचनेची तारीख जोडावी लागते. दाखल्यावर मुख्याध्यापकांची सही आणि क्षेत्र शिक्षणाधिकाऱ्यांची प्रतिस्वाक्षरी, दोन्ही हव्यात. दोन शाळांत शिकला असेल तर दोन दाखले. शाळा सोडल्याचा दाखला मराठीत असेल तर भाषांतर सोबत.

दुसरी तारीख नमुना 'फ'ची. तो अर्जाच्या शेवटच्या दिवशी वैध असायला हवा. पाच वर्षांपूर्वी शाळेसाठी काढलेला तोच दाखला पुढे केला की संपलं. निवडीनंतर सिंधुत्व, म्हणजे जात पडताळणीच्या दाखल्यासाठी जिल्हा समितीकडे जावं लागतं, तेव्हा आजोबांच्या शाळेच्या नोंदीपासून कागद मागतात. ते कागद केस चालू असतानाच जमवून ठेवलेले बरे, कारण यादी बदलल्यावर खातं मोजकेच दिवस देतं.

आपल्या अर्जदाराचं हायस्कूल जांबोटीचं होतं, दहाही वर्षं खेड्यातली, आणि दोन्ही दाखल्यांच्या तारखा बसत होत्या. नेमणूक झाली तर पगार रुजू झाल्या दिवसापासून. मागचा पगार अशा प्रकरणात सहसा मिळत नाही. ज्येष्ठता मात्र त्याच भरतीच्या इतरांबरोबर, गुणक्रमाने धरावी, अशी स्वतंत्र मागणी मूळ अर्जातच लिहिलेली हवी. ती राहून गेली तर बढतीच्या यादीत तो वर्ष-दोन वर्षं मागे पडतो, आणि तेव्हा त्यासाठी नव्याने केएटीची पायरी चढावी लागते.